हरियाल : झाडावरचा हिरवा पाहुणा

कबुतर तुम्ही रोज पाहता. मशिदीच्या मिनारावर, रेल्वे स्थानकाच्या छपराखाली, धान्याच्या दुकानासमोर कबुतरे असतातच. परंतु जंगलात राहणारे हिरवे कबुतर तुम्ही कधी पाहिले आहे का?

काही वर्षांपूर्वी मी आठवीच्या मुलांना घेऊन सकाळी गावाबाहेर गेलो होतो. रस्त्यालगत एक जुना वड आहे. त्याच्या लाल फळांचा खाली सडा पडला होता. झाडावर एकही पक्षी दिसत नव्हता. एका मुलाने गंमत म्हणून टाळी वाजवली. त्याबरोबर पंखांचा फडफडाट झाला आणि तीस-चाळीस पक्षी झाडातून बाहेर पडले. एक मुलगा ओरडला, ''सर, झाडाची पानेच उडाली!''

ती पाने नव्हती. तो हरियाल पक्ष्यांचा थवा होता. थवा म्हणजे पक्ष्यांचा झुंड.

हरियालाला मराठीत हरोळी असेही म्हणतात. नावातच त्याचा रंग आहे, हे तुम्हांला सांगायला नको. उर्दूतील 'हरा' हा शब्द तुम्ही जाणताच. हरियाल हा आपल्या महाराष्ट्राचा राज्यपक्षी आहे. आकाराने तो साध्या कबुतराएवढा, म्हणजे सुमारे ३३ सेंटिमीटर लांब असतो. त्याचे डोके राखाडी, मान व छाती पिवळसर हिरवी आणि खांद्यावर फिकट जांभळा पट्टा असतो. पाय मात्र हळदीसारखे पिवळे असतात. हिरव्या कबुतरांच्या इतर अनेक जातींचे पाय लालसर असतात, म्हणून पिवळे पाय ही हरियालाची मोठी खूण आहे. त्याचा आवाजही वेगळा आहे. तो घुमत नाही. गोड, लांब शीळ घालतो.

एवढे रंग असूनही तो दिसत कसा नाही? चाहूल लागताच हरियाल पळत नाही, तर जागच्या जागी स्तब्ध बसतो. हिरव्या-पिवळ्या पानांत त्याचे अंग मिसळून जाते. धोका फार जवळ आला तरच तो उडतो. थंडीच्या दिवसांत मात्र पहाटे हे पक्षी उंच झाडाच्या शेंड्यावर येऊन ऊन खात बसतात. त्यांना पाहण्याची तीच उत्तम वेळ.

साधे कबुतर जमिनीवर दाणे टिपते. हरियाल फळे खातो. वड, पिंपळ आणि उंबर यांची फळे त्याला फार आवडतात. वडाला तुम्ही उर्दूत बरगद म्हणता आणि उंबराला गूलर. ही सर्व झाडे अंजिराच्या कुळातील आहेत. फळापर्यंत चोच पोहोचत नसेल तर हरियाल फांदीला उलटा लटकूनही फळ तोडतो.

आंबा, जांभूळ यांना ठराविक ऋतूत फळे येतात. मग हरियाल वर्षभर खातो काय? येथेच वड-पिंपळाचे महत्त्व कळते. या झाडांची फुले फळाच्या आतच दडलेली असतात. अगदी बारीक गांधीलमाश्या आत शिरून परागकण पोहोचवतात. या माश्यांचे आयुष्य फार थोड्या दिवसांचे असते. सगळी झाडे एकाच वेळी फळली, तर इतर महिन्यांत त्यांना आसरा मिळणार नाही. म्हणून एक वड आज फळतो, तर दुसरा दोन महिन्यांनी. परिसरात अशी झाडे भरपूर असतील, तर कोठे ना कोठे फळे पिकलेली असतात. त्यांच्या शोधात हरियालाचे थवे या झाडावरून त्या झाडावर हिंडत असतात.

हरियाल जमिनीवर पाय ठेवत नाही, पाणी पितानाही पंजात काडी धरतो, अशी जुनी समजूत आहे. ती पूर्ण खरी नाही. पाणी पिण्यासाठी तो क्वचित खाली उतरतो. पण त्याचे जवळजवळ सारे आयुष्य झाडावर जाते, यावरूनच ही समजूत निर्माण झाली असावी.

त्याचे घरटे अगदी साधे असते. चार काड्या आडव्यातिडव्या रचल्या की झाले! मादी बहुधा उन्हाळ्यात त्यात दोन पांढरी अंडी घालते. नर आणि मादी दोघेही अंडी उबवतात. पिल्ले बाहेर आली की आईबाप आपल्या गळ्यातील पिशवीत तयार होणारा दुधासारखा घट्ट रस त्यांना भरवतात. हे 'दूध' आईप्रमाणे बापही देतो, हे किती नवलाचे आहे!

पूर्वी मांसासाठी हरियालाची फार शिकार होत असे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार आता त्याला मारणे किंवा पकडणे गुन्हा आहे. 'एवढे थवे आहेत, चार मारले तर काय बिघडते?' असे कोणी म्हणाले, तर त्याला अमेरिकेची गोष्ट सांगा. तेथे प्रवासी कबुतर नावाचा रानपक्षी होता. त्याची संख्या अब्जावधी होती. लोकांनी बंदुका आणि जाळी घेऊन त्याची शिकार केली, जंगले तोडली. शेवटचे पाखरू १ सप्टेंबर १९१४ रोजी सिनसिनाटीच्या प्राणिसंग्रहालयात मेले. आज त्या जातीचा एकही पक्षी जगात नाही.

हरियालावर तशी वेळ आलेली नाही. तो आजही महाराष्ट्रात अनेक ठिकाणी दिसतो. पण बंदुकीपासून वाचवणारा कायदा त्याला उपाशी राहण्यापासून कसा वाचवणार? आमच्या त्या रस्त्यालगत पूर्वी तीन वड होते. रस्ता रुंद झाला तेव्हा दोन तोडले गेले. उरलेल्या वडाला आमच्या मुलांनी हातात हात धरून वेढा घातला, तेव्हा सात मुले लागली. तो एकटा वर्षभर फळे देऊ शकत नाही. जेव्हा तो फळत नाही, तेव्हा त्या थव्याने कोठे जावे?

आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवा. मैना, बुलबुल असे पक्षी वडाची फळे खातात आणि त्यांच्या विष्ठेतून बिया दूरवर पडून रुजतात. हरियालाच्या पोटात मात्र बऱ्याचशा बिया दळल्या जातात. म्हणजे ज्या झाडावर तो जगतो, ते झाड लावणे त्याला फारसे जमत नाही.

ते काम आपण करू शकतो. त्यानंतर आमच्या मुलांनी शाळेच्या कुंपणाजवळ वडाच्या दोन फांद्या लावल्या. एक वाळली, दुसरीला पाने फुटली. ते झाड मोठे होईपर्यंत ती मुले बापही झालेली असतील. तोवर जुना वड जपायलाच हवा.

तुमच्या गावात वड, पिंपळ, उंबर किती आहेत? मोजून पाहा. कोणते झाड कोणत्या महिन्यात फळते, ते वहीत लिहा. आणि एखाद्या सकाळी फळांनी लाल झालेल्या झाडाखाली शांत उभे राहा. टाळी मात्र वाजवू नका. थोडा धीर धरलात, तर पानांतले एखादे पान मान वळवून तुमच्याकडे पाहील.