साहेबांचे आभार कसे मानावेत? शाल-श्रीफळापेक्षा नेमकी दोन वाक्ये मोलाची

एप्रिल-मे महिना आला की सरकारी कार्यालयांत बदल्यांची चर्चा सुरू होते. भंडारा जिल्ह्यातील सिहोराही त्याला अपवाद नाही. तुमसर तालुक्यातील, मध्य प्रदेशच्या सीमेजवळचे हे गाव. आजूबाजूला धानाची शेती, जवळच चांदपूरचा जलाशय. अशा गावात नोकरीसाठी बाहेरून आलेला अधिकारी काही वर्षे राहतो आणि एक दिवस बदलीचा आदेश येतो. मग वर्गणी निघते, शाल-श्रीफळ येते, भाषणे होतात आणि व्हॉट्सॲप ग्रुपवर हात जोडलेल्या चित्रांची रांग लागते.

मात्र, ज्याला खरोखर आभार मानायचे असतात, तो कर्मचारी अनेकदा मागच्या रांगेत गप्प बसून राहतो. बोललो तर लोक चमचेगिरी म्हणतील, नाही बोललो तर मनात सल राहील. या पेचातून वाट कशी काढायची? आभार आणि खुशामत यांत फरक काय? आणि नियम काय सांगतात?

बदल्या याच महिन्यांत का?

राज्य सरकारी कर्मचाऱ्यांच्या बदल्यांसाठी २००५ चा कायदा आहे. त्यानुसार एका पदावरचा सर्वसाधारण कार्यकाळ तीन वर्षांचा असतो आणि नियमित बदल्या एप्रिल किंवा मे महिन्यात होतात. आर्थिक वर्षही ३१ मार्चला संपते. त्यानंतर वर्षभराच्या कामाचे मूल्यमापन, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या भाषेत ‘सीआर’, लिहिण्याचे काम सुरू होते.

म्हणूनच वेळेला महत्त्व आहे. ‘सीआर’ वरिष्ठांच्या टेबलावर असताना पाठवलेला आभाराचा लांबलचक संदेश मनापासून लिहिलेला असला तरी संशयाचा ठरतो. मदत मिळाली त्याच आठवड्यात आभार मानलेले सर्वांत चांगले. ते राहून गेले असेल, तर अहवालाचे काम आटोपल्यावर किंवा साहेब कार्यमुक्त झाल्यावर मानावेत. ज्याच्या हातात आता आपले काहीच नाही, त्याचे मानलेले आभार कोणालाही खोटे वाटत नाहीत.

खुशामत आणि आभार यांत फरक काय?

खुशामत माणसाबद्दल बोलते, आभार कामाबद्दल. ‘मनमिळाऊ, कर्तव्यदक्ष आणि शिस्तप्रिय’ हे तीन शब्द जवळपास प्रत्येक निरोप समारंभात ऐकू येतात. ते कोणत्याही अधिकाऱ्याला चालतात, म्हणूनच त्यातून कोणाचीच ओळख पटत नाही. ‘आभार न मानता ऋणातच राहू इच्छितो’ हे वाक्यही तसेच. ऐकायला गोड, पण कशाचे ऋण, हे त्यातून कळत नाही.

नेमके आभार कसे असतात, याची दोन उदाहरणे सर्वांच्या परिचयाची आहेत. १६ नोव्हेंबर २०१३ रोजी वानखेडे मैदानावर निरोपाचे भाषण करताना सचिन तेंडुलकरने प्रशिक्षक रमाकांत आचरेकर यांचे आभार मानले. ‘थोर गुरू’ एवढ्यावर तो थांबला नाही. सामन्यांचा सराव मिळावा म्हणून सर आपल्याला स्कूटरवर बसवून शिवाजी पार्कहून आझाद मैदानावर नेत, ही आठवण त्याने सांगितली. ती स्कूटर लोकांच्या लक्षात राहिली.

दुसरे उदाहरण डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे. १९५४ मध्ये त्यांनी भंडाऱ्यातूनच लोकसभेची पोटनिवडणूक लढवली होती. त्याआधी, २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बोलताना त्यांनी संविधानाचे श्रेय एकट्याकडे घेतले नाही. सर बी. एन. राव यांनी कच्चा मसुदा तयार केला, मुख्य मसुदाकार एस. एन. मुखर्जी यांनी गुंतागुंतीचे प्रस्ताव सोप्या व स्पष्ट कायदेशीर भाषेत उतरवले, कर्मचारी कधी कधी मध्यरात्रीनंतरही राबले, असे त्यांनी सांगितले. येथे आभार वरून खाली गेले, पण पद्धत तीच आहे: कोणी, काय केले आणि त्याने काय साधले.

कशाबद्दल आभार मानायचे नाहीत?

हक्काची रजा मंजूर झाली, पगार वेळेवर निघाला, नियमाने देय वेतनवाढ मिळाली, तर औपचारिक ‘धन्यवाद’ पुरेसे आहे. ते उपकार नव्हेत. हक्काच्या गोष्टीसाठी वाकून आभार मानण्याची सवय लागली, की पुढच्या कर्मचाऱ्यालाही तसेच वाकावे लागते.

मात्र, आई दवाखान्यात असताना रजा तर दिलीच, शिवाय मागचे काम अडणार नाही याची व्यवस्थाही करून दिली. चूक झाली तेव्हा चारचौघांत न बोलता दालनात बसवून समजावले. संगणकावरचे नवे काम स्वतः शेजारी बसून शिकवले, या गोष्टी कोणत्याही आदेशात लिहिलेल्या नसतात. आभार त्यांचे मानायचे.

वर्गणी आणि भेटवस्तूचे काय?

इथेच अनेक जण नकळत अडचणीत येतात. केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांना १९६४ चे वर्तणूक नियम लागू आहेत. बदली किंवा निवृत्तीच्या वेळी खासगी आणि अनौपचारिक स्वरूपाच्या निरोपाला त्यात मुभा आहे. पण वर्गणीसाठी दबाव आणण्यास मनाई आहे. गट ‘क’ आणि ‘ड’च्या कर्मचाऱ्यांकडून त्याहून वरच्या गटातील अधिकाऱ्याच्या निरोपासाठी वर्गणी गोळा करणे तर कोणत्याही परिस्थितीत चालत नाही. म्हणजे शिपायाकडून साहेबांच्या पार्टीचे पैसे घेता येत नाहीत.

राज्य सरकारच्या कर्मचाऱ्यांसाठी १९७९ चे, तर जिल्हा परिषद कर्मचाऱ्यांसाठी १९६७ चे वर्तणूक नियम आहेत. त्यामुळे आपल्या कार्यालयाला कोणते नियम लागू आहेत, हे आस्थापना शाखेत विचारून घ्यावे. सोपी खूणगाठ अशी: जी वस्तू देताना दार लोटून घ्यावेसे वाटते, ती देऊ नये. पत्राला मात्र कोणताच नियम आड येत नाही.

खासगी नोकरीत, मग ती राईस मिलमध्ये असो की दुकानात, असे सरकारी नियम लागू नसतात. पण महागडी भेट तिथेही सहकाऱ्यांच्या डोळ्यांवर येते आणि मालकालाही अवघडल्यासारखे होते.

संकोच वाटतो, तर?

तो बहुतेकांना वाटतो. अमित कुमार आणि निकोलस एप्ली या संशोधकांनी २०१८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात लोकांना आभाराची पत्रे लिहायला सांगितली. समोरच्याला अवघडल्यासारखे होईल, असे लिहिणाऱ्यांना वाटत होते. प्रत्यक्षात पत्र मिळालेल्यांना त्यापेक्षा कमी अवघडले आणि आनंद मात्र अंदाजापेक्षा जास्त झाला. लिहिणारा शब्द बरोबर आहेत का, या काळजीत असतो. वाचणाऱ्यापर्यंत आपुलकी आधी पोहोचते.

साहेबांच्या खुर्चीवरच्या माणसाला तक्रारी रोज ऐकाव्या लागतात. आपले काय चांगले झाले, हे त्याला क्वचितच कोणी सांगते.

नेमके काय लिहावे?

तीन गोष्टी पुरेशा: काय घडले, त्यामुळे काय बदलले आणि आपण पुढे काय करणार. काही नमुने असे:

▪ शिकवल्याबद्दल: ‘सर, ऑनलाइन नोंदी कशा करायच्या हे आपण दोन दिवस बसून दाखवले. या महिन्याचा अहवाल मी कोणाच्या मदतीशिवाय पूर्ण केला. आता नव्या सहकाऱ्यालाही शिकवते आहे. मनापासून आभार.’

▪ अडचणीत साथ दिल्याबद्दल: ‘मॅडम, आईच्या आजारपणात माझे काम अडणार नाही याची आपण काळजी घेतली. त्यामुळे मला निश्चिंतपणे तिच्याजवळ थांबता आले. हे लक्षात राहील.’

▪ बदलीच्या वेळी: ‘साहेब, माझी चूक आपण चारचौघांत न सांगता समजावून सांगितली होती. त्यानंतर प्रत्येक फाईल दोनदा तपासतो. नव्या ठिकाणासाठी शुभेच्छा.’

एवढे टाळा

▪ त्याच संदेशात रजा, बदली किंवा पगारवाढीची विनंती करू नका.
▪ आधीच्या साहेबांशी तुलना नको.
▪ शक्यतो कार्यालयीन वेळेत पाठवा, रात्री उशिरा नको.
▪ ग्रुपवर सर्वांना दिसेल असे लिहिण्याआधी थेट साहेबांना सांगा.
▪ तयार संदेश पुढे ढकलू नका. दोन ओळी असोत, पण आपल्या असोत.

निरोप समारंभातील शाल कपाटात जाते, श्रीफळ त्याच आठवड्यात फुटते. कर्मचाऱ्याने लिहिलेल्या दोन नेमक्या ओळी अधिकाऱ्यासोबत पुढच्या गावाला जातात आणि तिथल्या कर्मचाऱ्याशी त्याने कसे वागावे, याचीही आठवण देतात.