एकान्तवास आणि बंदिवानाची वाणी

कारावासाने मनुष्याच्या हालचालीवर बंधन येते, हे उघडच आहे; परंतु त्याचा सर्वात खोल आघात वाणीवर होतो, याकडे सहसा लक्ष जात नाही. फिलाडेल्फिया येथे १८२९ साली उघडलेल्या तुरुंगात या आघाताचा जणू प्रयोगच झाला. प्रत्येक बंद्यास स्वतंत्र कोठडी, बाहेर नेताना चेहऱ्यावर बुरखा आणि अखंड मौन. ही योजना धर्मनिष्ठ सुधारकांच्या सद्धेतूतून जन्मली होती, हे विशेष. एकान्तात माणसास पश्चात्ताप होईल, अशी त्यांची अपेक्षा. १८४२ साली डिकन्सने तो तुरुंग पाहिला व मनाचा हा संथ छळ शारीरिक यातनांहून भयंकर ठरविला. १८९० मध्ये, मेडले खटल्यात, अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानेही नमूद केले की, अशा बंद्यांपैकी अनेकजण अल्पावधीतच मतिमंदवत् झाले, काहींना वेड लागले, तर काहींनी आत्महत्या केली.

असे का व्हावे? व्हिगॉट्स्कीच्या मते मनातल्या मनात चालणारे बोलणे हे इतरांशी केलेल्या बोलण्यातूनच घडते. हे मान्य केल्यास, संवादाचा झरा आटल्यावर विचारही विस्कळीत व्हावा, यात नवल नाही.

मन मात्र सहजासहजी हार मानीत नाही. अंदमानच्या सेल्युलर जेलची रचनाच अशी होती की, एका इमारतीच्या कोठड्यांची दारे दुसरीच्या पाठीकडे उघडत. समोरासमोर दृष्टिभेटही अशक्य. तेथे १९११ पासून बंदिवासात असलेल्या सावरकरांनी भिंतीवर काव्य कोरले व ते मुखोद्गत केले. बंद्यांनी ठोक्यांची सांकेतिक भाषा घडविली. या उद्योगाकडे केवळ देशभक्तीचा किंवा प्रतिभेचा आविष्कार म्हणून पाहणे अपुरे होय. श्रोता नसताना श्रोता निर्माण करण्याची ती धडपड होती. अर्थात पाठांतराची परंपरा लाभलेल्या सुशिक्षित बंद्यास हे साधले. ज्याच्यापाशी असा शब्दसंचय नाही, त्याची गत काय, हे लिहून ठेवणारा कोणी नसतो.

कायदा या प्रश्नाकडे दिवसांच्या हिशेबाने पाहतो. भारतीय दंडसंहितेत एकान्तवासाची एका वेळची मर्यादा चौदा दिवस होती. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेतही ती कायम आहे. संयुक्त राष्ट्रांचे २०१५ चे मंडेला नियम एक पाऊल पुढे जातात : दिवसाचे बावीस वा अधिक तास ‘अर्थपूर्ण मानवी संपर्कावाचून’ कोंडणे, ही त्यांची व्याख्या, सलग पंधरा दिवसांपलीकडे त्यास मनाई. येथे मोजमाप संवादाशी जोडले गेले. परंतु ‘अर्थपूर्ण’ कशास म्हणावे? दारातून ताट सरकविताना शिपायाने उच्चारलेला ‘घे’ हा शब्द संपर्क ठरतो काय?