सुरी फिरल्यानंतरची कोशिंबीर

उन्हाळ्यात भाजी-आमटीवरची वासना उडते आणि ताटाची डावी बाजू भाव खाऊन जाते. कांदा-टोमॅटोची कोशिंबीर हा त्या बाजूचा सर्वांत सोपा पदार्थ, आणि बहुधा म्हणूनच तिच्याभोवती समजुती फार. कांदा खिशात ठेवला की ऊन लागत नाही. टोमॅटोच्या बियांनी मुतखडा होतो. पाणी सुटू नये म्हणून टोमॅटोचा गर काढून टाकावा. चिरलेला कांदा हवेतले जंतू ओढून घेतो. यातल्या काही साफ चुकीच्या आहेत, काही अर्ध्या खऱ्या, पण विचार करण्याची रीत सगळ्यांत एकच दिसते. कांद्याला अमुक गुण, टोमॅटोला तमुक दोष अशी कायमची चिठ्ठी चिकटवून टाकायची आणि मग त्या चिठ्ठीवरच वाद घालायचा. वास्तविक कोशिंबिरीचं जे काही बरं-वाईट होतं, त्यातलं बहुतेक सुरी फिरल्यानंतर होतं. किती पेशी फुटल्या, मीठ कधी पडलं आणि वाडगं किती वेळ उघड्यावर राहिलं, या तीन गोष्टींचा हिशेब लावला की बऱ्याच समजुतींचा निकाल आपोआप लागतो.

कांद्यापासूनच सुरुवात करू. अख्ख्या कांद्याला म्हणावा असा उग्र वास नसतो आणि तो पाहून कुणाच्या डोळ्यांत पाणी येत नाही. त्याच्या पेशींत गंधकयुक्त संयुगं एका कप्प्यात असतात आणि त्यांच्यावर काम करणारं विकर, म्हणजे एन्झाइम, दुसऱ्या कप्प्यात. सुरीने भिंती फुटल्या की दोन्ही एकत्र येतात आणि तिखटपणा तिथल्या तिथे तयार होतो. डोळ्यांना झोंबणारा वायू हा या क्रियेतला आपोआप होणारा उपपदार्थ आहे, असं बराच काळ मानलं जात होतं. २००२ साली जपानी संशोधकांनी दाखवून दिलं की तो वायू बनवण्यासाठी कांद्यात एक वेगळंच विकर असतं. म्हणजे आपण ‘कांद्याचा तिखटपणा’ म्हणतो तो पुष्कळ अंशी चिरण्याचा तिखटपणा असतो. बोथट सुरी पेशी चिरडते, धारदार सुरी कमी पेशी फोडते. बारीक चिरलेला कांदा उभ्या जाड फोडींपेक्षा जास्त झोंबतो. बुक्कीने फोडलेला कांदा गोड लागतो असं भाकरीबरोबर तो खाणारे म्हणतात, त्याला कुणी अंधश्रद्धा म्हणायचं कारण नाही. बुक्कीने कांदा बऱ्याच अंशी पाकळ्या जिथे सुटायच्या तिथेच सुटतो, शंभर ठिकाणी कापला जात नाही.

गोडीबद्दलचा गैरसमज याच्याच पोटातला आहे. अलिबागचा पांढरा कांदा गोड, म्हणजे त्यात साखर जास्त, असं सहज वाटतं. पण कांद्याची गोडी जिभेला कळते ती मुख्यतः तिखटपणा कमी असल्यामुळे. साठवणीच्या झणझणीत कांद्यात साखर तितकीच, कधी जास्तही असते. गंधकाच्या माऱ्याखाली ती कळत नाही, इतकंच. म्हणूनच तिखटपणा मोजताना शास्त्रज्ञ साखर मोजत नाहीत, कांदा कुटल्यावर तयार होणारं पायरुविक आम्ल मोजतात. मार्च-एप्रिलपासून लासलगावच्या बाजारात येणारा लाल उन्हाळ कांदा कोशिंबिरीला उग्र वाटला, तर साखर वाढवणं हा उपाय नव्हे. चिरून गार पाण्यातून काढला की पृष्ठभागावरची तिखट संयुगं धुऊन जातात. लिंबाचा रस चोळला तर आम्लामुळे विकराचं काम मंदावतं. मात्र पाण्यात तासभर बुडवून ठेवलेल्या कांद्याला चव उरत नाही, हेही खरं.

आता पाण्याचा प्रश्न. कोशिंबिरीला पाणी सुटलं की दोष टोमॅटोवर जातो, नाहीतर दह्यावर. टोमॅटोत वजनाच्या सुमारे ९४ टक्के पाणी असतं आणि कांद्यात ८९ टक्क्यांच्या आसपास, त्यामुळे पाणी तर असणारच. ते बाहेर का येतं, हे महत्त्वाचं. चिरलेल्या फोडींवर मीठ पडलं की बाहेरचा द्रव पेशीच्या आतल्या द्रवापेक्षा खारट होतो आणि पेशी पाणी सोडू लागते. यावर गर काढून टाकायचा उपाय पुस्तकी दिसतो, पण तो महागात पडतो. ब्रिटनमधल्या रेडिंग विद्यापीठाच्या संशोधकांनी २००७ मध्ये टोमॅटोचा बाहेरचा मगज आणि बियांभोवतीचा बुळबुळीत गर वेगवेगळा तपासला. मगजात किलोमागे सरासरी सव्वा ग्रॅमच्या आसपास ग्लुटामिक आम्ल निघालं, गरात साडेचार ग्रॅमच्या आसपास. ज्या पदार्थामुळे टोमॅटोला तोंडात रेंगाळणारी चव येते, तो गरात कितीतरी जास्त असतो. तो मोरीत टाकून वर चिमूटभर साखर घालायची, म्हणजे आपणच चव काढून आपणच ती उसनी आणायची. त्यापेक्षा मीठ ऐनवेळी घालावं. शेंगदाण्याचं कूटही ऐनवेळीच. ते सुटलेलं पाणी थोडंफार शोषतं, पण अर्ध्या तासाने स्वतःच लगदा होतं.

यावर आक्षेप येतो की कोशिंबीर मुरली पाहिजे, मुरल्याशिवाय चवी एकजीव होत नाहीत. आक्षेपात तथ्य आहे, पण तो कांद्यापुरता. मीठ-लिंबू लावून दहा-पंधरा मिनिटं ठेवलेला कांदा नरम आणि सौम्य होतो, लाल असेल तर आम्लामुळे त्याचा रंगही गुलाबी खुलतो. टोमॅटोला मुरण्याने काही मिळत नाही, तो फक्त लिबलिबीत होतो. तेव्हा ‘मुरू द्या’ आणि ‘ऐनवेळी करा’ ही दोन्ही वाक्यं बरोबर आहेत. एक कांद्यासाठी, दुसरं टोमॅटोसाठी.

सुरीच्या आधीची एकच गोष्ट इथे मोजावी लागते, ती म्हणजे फ्रीज. थंडीत टोमॅटो ताजा राहतो, हे डोळ्यांपुरतं खरं. फ्लोरिडा विद्यापीठातल्या गटाने २०१६ मध्ये पिकलेले टोमॅटो सात दिवस ५ अंश सेल्सियसला ठेवून पाहिले. साखर आणि आम्लं फारशी बदलली नाहीत, पण वासाची संयुगं मोठ्या प्रमाणात घटली, आणि फळं पुन्हा उबेत आणल्यावरही ती पूर्ववत झाली नाहीत. थंडीमुळे ही संयुगं घडवणाऱ्या जनुकांचं कामच मंदावलं होतं. फ्रीजमधला लालबुंद टोमॅटो पाणचट लागतो तो त्यामुळे. जीभ बरोबर सांगत असते. पण या निष्कर्षाचा ‘टोमॅटो कधीच फ्रीजमध्ये ठेवू नये’ असा नवा नियम करण्यात अर्थ नाही. चंद्रपूर-अकोल्याच्या ४४ अंशांत ओट्यावरचा पिकला टोमॅटो दोन दिवसांत नासतो. पूर्ण पिकलेला टोमॅटो एक-दोन दिवस गार जागी ठेवून चिरण्याआधी तासभर बाहेर काढणं, हा तिथला शहाणपणा. अर्धाकच्चा, कडक टोमॅटो मात्र फ्रीजमध्ये नीट पिकत नाही, तो बाहेरच बरा.

जंतूंबाबत दोन परस्परविरोधी समजुती एकाच घरात नांदतात. एक म्हणते कांदा जंतू मारतो, दुसरी म्हणते चिरलेला कांदा खोलीतले सगळे जंतू ओढून घेऊन विषारी होतो. ओढून घेण्याची कुठलीही यंत्रणा कांद्यात नाही. त्याच्यावर जंतू येतात ते हात, सुरी, पाट किंवा घाण पाणी यांच्यामार्फत, जसे ते इतर कुठल्याही चिरलेल्या भाजीवर येतात. आणि कांदा त्यांना मारतोच, यावर विसंबायचं असेल तर अमेरिकेतलं २०२० सालचं उदाहरण आठवावं. कांद्यातून पसरलेल्या साल्मोनेलाने तिथे १,१०० हून अधिक लोक आजारी पडल्याची नोंद झाली. प्रयोगशाळेत कांद्याचा अर्क काही जंतूंची वाढ रोखतो हे खरं आहे, पण वाडग्यातला कांदा म्हणजे तो अर्क नव्हे. टोमॅटोच्या आंबटपणाचाही भरवसा धरू नये. अमेरिकेच्या अन्नसुरक्षा नियमांत चिरलेला टोमॅटो थंड ठेवण्याच्या पदार्थांत मोडतो. चिरलेलं अन्न बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नये आणि हवा ३२ अंशांच्या वर असेल तर एका तासाच्या आत संपवावं, असा तिथला सर्वसाधारण दंडक आहे. आपल्याकडे एप्रिल-मे म्हणजे बहुतेक दिवस ३२ च्या वरचेच. लग्नाच्या पंगतीसाठी सकाळी नऊला चिरून झाकलेली कोशिंबीर दुपारी दोनला वाढली जाते, तिथे खरं भय आहे. कांद्याच्या जादूत नाही.

राहता राहिल्या औषधी समजुती. खिशातल्या कांद्याचं थोडक्यात आटोपता येईल. उष्माघात म्हणजे शरीराची उष्णता बाहेर टाकण्याची व्यवस्था कोलमडून तापमान ४० अंशांच्या वर जाणं. खिशातला कांदा ती व्यवस्था चालवू शकत नाही आणि त्या वेळी गरज असते ती सावली, थंड पाणी आणि दवाखाना यांची. खाल्लेला कांदा-टोमॅटो पाणी देतो, पण हिशेबात: १०० ग्रॅम टोमॅटो आणि ५० ग्रॅम कांद्यात जेमतेम १४० मिलिलिटर, म्हणजे पेलाभरही नाही. बिया आणि मुतखड्याचं प्रकरण शरीराच्या नकाशाबद्दलच्या गोंधळातून आलं आहे. बी आतड्यातून जाते, मूत्रपिंडात तिला वाटच नाही. बहुतेक खडे कॅल्शियम ऑक्झलेटचे असतात, आणि ऑक्झलेट टोमॅटोत १०० ग्रॅममागे काही मिलिग्रॅम असतं, तर पालकात शेकडो. ज्यांना खडे झाले आहेत त्यांनी डॉक्टरांनी दिलेलं पथ्य पाळावं, पण पालकाची भाजी आवडीने खाऊन कोशिंबिरीतल्या बिया निवडत बसण्यात हशील नाही. टोमॅटोतलं लायकोपीन शिजवल्यावर शरीराला जास्त मिळतं, हे बरोबर. त्यावरून कच्चा टोमॅटो निरुपयोगी ठरत नाही, कारण क जीवनसत्त्व कच्च्यातच जास्त टिकतं. शिवाय लायकोपीन स्निग्धांशात विरघळतं. २००४ मधल्या एका अमेरिकी अभ्यासात स्निग्धांश नसलेलं सॅलड खाणाऱ्यांच्या रक्तात अशा रंगद्रव्यांचा जवळजवळ मागमूस लागला नाही, तेल घातल्यावर लागला. अभ्यास अगदी लहान, सात माणसांचा. तरी हिंग-मोहरीची चमचाभर फोडणी आणि दाण्याचं कूट ‘उगाच कॅलरी’ म्हणून वगळणाऱ्यांनी तो लक्षात घ्यावा.

तेव्हा क्रम असा लागतो: आधी कांदा चिरून त्याला मीठ-लिंबू, पोळ्या होत आल्या की टोमॅटो, गरासकट, मग मिरची, कोथिंबीर, कूट, फोडणी गार करून, आणि दही घालायचं तर पानं मांडल्यावर. उरलीच आणि तासाभरात फ्रीजमध्ये गेली असेल, तर संध्याकाळी थालिपिठाची भाजणी तिच्यातच भिजवावी. सुटलेलं पाणी तिथे उपयोगी पडतं, वेगळं पाणी जवळजवळ लागत नाही. मीठ मात्र बेताने, ते आधीच पडलेलं असतं.