कोकमतेल सुटतं, क्रीम अडतं

कोकणात कोकमाच्या बिया वाळवून कुटतात, पाण्यात उकळतात आणि वर आलेला तवंग गार झाला की मुठीत दाबून त्याचे गोळे वळतात. हेच मुठेल, गोव्याकडचं भिरंडेल. थंडीत भेगाळलेल्या टाचांवर ते वितळवून भरायचं, हा तिथला घरोघरचा उपाय. एरवी घट्ट राहणारं हे तेल 40 अंशांच्या आसपास वितळतं, म्हणून लिप बाम आणि बॉडी बटर बनवणाऱ्यांना ते हवंसं वाटतं.

छत्तीसगडचा राज्यवृक्ष साल. त्याच्या बियांतही असंच घट्ट तेल असतं. पावसाच्या तोंडावर गळालेली पंखांची फळं जंगलातून वेचायची, पंख जाळायचे, कुटून बी मोकळं करायचं. केंद्राच्या 2020 च्या यादीत या बियांची किमान आधारभूत किंमत होती किलोला 20 रुपये. युरोपने मात्र कोकम आणि साल दोन्ही केव्हाच ओळखले आहेत: तिथल्या 2000 सालच्या चॉकलेट नियमाने ज्या सहा वनस्पतींच्या तेलांना 5 टक्क्यांपर्यंत मुभा दिली, त्यांत हे दोघेही आहेत.

कच्चं तेल पिंपात भरून परदेशी पाठवणं तयार क्रीमच्या मानाने सोपं. पैसा आहे तो तयार डबीत, आणि अडतं नेमकं तिथेच.

भिलाईच्या नेहरू नगरातल्या एखाद्या उद्योजिकेने सालच्या तेलाचं क्रीम युरोपात विकायचं ठरवलं, असं धरू. आधी इथला उत्पादन परवाना हवा. मग जुलै 2013 पासून लागू असलेल्या युरोपीय सौंदर्यप्रसाधन नियमाप्रमाणे तिकडे राहणारी, कायद्याने उत्तर देणारी जबाबदार व्यक्ती नेमायची, पात्र तज्ज्ञाकडून सुरक्षा अहवाल घ्यायचा, विक्रीआधी उत्पादनाची ऑनलाइन नोंद करायची. शेवटचा माल बाजारात गेल्यावरही या सगळ्या कागदपत्रांची फाइल दहा वर्षं जपायची. डबीवर ‘इसब बरा होतो’ असं छापलं, तर ते क्रीम औषधाच्या कायद्यात जाऊ शकतं. अमेरिकेत सनस्क्रीन औषधातच मोडतं. युरोपात ते सौंदर्यप्रसाधन आहे.

या अटी निरर्थक नाहीत. गोरं करण्याच्या क्रीममधल्या पाऱ्याने मूत्रपिंडं निकामी झाल्याची उदाहरणं आहेत. भारतही आपलं दार उघडं टाकत नाही: परदेशी क्रीमला केंद्रीय औषध नियंत्रकांची नोंदणी लागते आणि तिचा क्रमांक डबीवर असावा लागतो. प्राण्यांवर चाचणी केलेल्या प्रसाधनांची आयात 2014 पासून बंद आहे.

अन्याय आहे तो खर्चाच्या वाटणीत. सुरक्षा अहवालाचा खर्च लाखो डब्या विकणाऱ्या कंपनीला जाणवतही नाही. शंभर डब्या करणाऱ्या बचत गटाचा नफा तो गिळून टाकतो. प्रयोगशाळा आणि युरोपातला प्रतिनिधी अनेक गटांनी मिळून ठेवणं हाच इथे व्यवहार्य मार्ग दिसतो. सुरुवातही पाणी नसलेल्या बामने करावी. पाणी नसलं की जंतू वाढण्याचा धोका कमी, त्यामुळे परिरक्षक जंतूंना पुरेसा रोखतो का याची महागडी चाचणी बहुधा टळते. बाकीची फाइल मात्र पूर्ण करावीच लागते.