किडनीत कॅल्शियम साचणे : गैरसमज आणि वस्तुस्थिती

मूत्रपिंडाच्या गरातच, म्हणजे त्यातल्या बारीक नलिकांमध्ये आणि त्यांच्या आजूबाजूला, कॅल्शियमचे क्षार साचतात तेव्हा त्या अवस्थेला नेफ्रोकॅल्सिनोसिस म्हणतात. रिपोर्टवर हा शब्द दिसला की घरात त्याचा अर्थ ‘मुतखडा’ असा लावला जातो. तो चुकीचा आहे. मुतखडा लघवीच्या वाटेवरच्या पोकळीत धरतो, सुटतो, अडकतो आणि कळा आणतो. गरात साचलेले कॅल्शियम जागचे हलत नाही आणि बहुतेकदा दुखतही नाही. एकाच रुग्णात दोन्ही असू शकतात. पण खडा पाडण्याचे औषध गरातल्या कॅल्शियमवर चालत नाही.

दुसरा गैरसमज असा की दोष पाण्यातल्या चुन्याला दिला जातो. पण कोकणातल्या खेड-चिपळूणजवळच्या लोटे गावाचा परिसर जांभ्याचा. कोकणच्या पावसाने या दगडातला चुना केव्हाच धुऊन नेला. मागे उरली ती लोह आणि अ‍ॅल्युमिनियमची ऑक्साइडे. त्यामुळे जांभ्यातल्या विहिरीचे पाणी सहसा मऊ असते. लोटे-परशुराम औद्योगिक वसाहतीत रासायनिक कारखाने आहेत आणि सांडपाण्याची काळजी रास्तच आहे; पण तिचे उत्तर पाण्याच्या तपासणीत मिळते, किडनीच्या सोनोग्राफीत नव्हे.

खरी कारणे बहुधा शरीरात किंवा औषधांच्या डब्यात असतात. पॅराथायरॉइड ग्रंथी जास्त काम करू लागली की रक्तातले कॅल्शियम वाढते. काहींच्या नलिकांना लघवीत पुरेसे आम्ल टाकता येत नाही. ‘ड’ जीवनसत्त्वाची ६०,००० युनिटची पुडी सहसा आठवड्यातून एकदा घ्यायची असते. ती रोज घेतली तर विषबाधा होऊ शकते. अपुऱ्या दिवसांच्या बाळांत फ्युरोसेमाइड या औषधाने कॅल्शियम साचते, मात्र औषध थांबवल्यावर ते पुष्कळदा विरते.

‘दूध बंद करा’ हा सल्ला तर उलटा पडतो. अन्नातले कॅल्शियम आतड्यात अळूसारख्या भाज्यांतल्या ऑक्झलेटला बांधून शौचावाटे बाहेर नेते. ते कमी झाले की ऑक्झलेट रक्तात आणि पुढे लघवीत जास्त उतरते. अळू कच्चे राहिले की घसा खवखवतो तो कॅल्शियम ऑक्झलेटच्या सुईसारख्या स्फटिकांमुळे. शिजवलेली अळूची भाजी बेताने खाण्यात निरोगी माणसाला धोका नाही. ऑक्झलेटने भरलेल्या बिलिंबीचा रस मात्र कोलेस्टेरॉलवरचा उपाय म्हणून पेलाभर पिऊ नये : अशा रसाने किडनी एकाएकी निकामी झालेले रुग्ण केरळात नोंदले गेले आहेत.

साध्या एक्स-रेत कॅल्शियम बरेच साचल्यावरच दिसते. सोनोग्राफीत ते लवकर कळते. एरवी काळसर दिसणारे किडनीच्या गाभ्यातले त्रिकोण पांढरे उजळतात. सुरुवातीला नुसती त्यांची कड उजळते. बहुतेक रुग्णांत कॅल्शियम या गाभ्यातच असते, बाहेरच्या सालीत क्वचित. खात्रीसाठी सी. टी. स्कॅन करतात, तोही कॉन्ट्रास्ट न देता, कारण त्या औषधाच्या पांढरेपणात कॅल्शियम झाकले जाते.

पण चित्र फक्त ‘साचले आहे’ एवढेच सांगते. ‘का’ ते सांगत नाही. त्यासाठी रक्तातले कॅल्शियम, फॉस्फरस, क्रिएटिनिन, बायकार्बोनेट, पॅराथायरॉइड हार्मोन, ‘ड’ जीवनसत्त्व आणि २४ तासांच्या लघवीतले कॅल्शियम, ऑक्झलेट व सायट्रेट तपासतात. मोठ्या माणसांत साचलेले कॅल्शियम सहसा जात नाही, पण कारणावर वेळेत इलाज झाला तर ते वाढायचे थांबू शकते आणि किडनी पुढे वर्षानुवर्षे काम करते. म्हणून चिपळूणला किंवा खेडला डॉक्टरांकडे जाताना रिपोर्टबरोबर घरातल्या सगळ्या गोळ्या आणि पुड्याही पिशवीत घालून न्याव्यात.