नाक्यावरच्या पोरांचा दिग्दर्शक

‘इतनी शक्ति’ ही प्रार्थना रत्नागिरीपासून गडचिरोलीपर्यंत कितीतरी शाळांच्या परिपाठात म्हटली जाते. गीतकार अभिलाष आणि संगीतकार कुलदीप सिंग यांनी ती ज्या चित्रपटासाठी केली, त्यात चार बेकार तरुण सूड म्हणून खून पाडतात आणि शेवटी त्यांना फाशीची शिक्षा होते. हे प्रार्थना म्हणणाऱ्या मुलांना ठाऊक नसतं. बहुधा गुरुजींनाही नसतं. तो चित्रपट ‘अंकुश’ (१९८६) आणि त्याचे दिग्दर्शक एन. चंद्रा, म्हणजेच चंद्रशेखर नार्वेकर.

‘अंकुश’ कळायला रत्नागिरीच्या माणसाला फार समजवावं लागत नाही. मुंबईच्या गिरण्या पिढ्यान्‌पिढ्या चालल्या त्या मोठ्या प्रमाणात याच जिल्ह्याच्या मनुष्यबळावर. सिंधुदुर्ग वेगळा होईपर्यंत, म्हणजे १ मे १९८१ पर्यंत, तोही यातच होता. चाकरमानी परळ-लालबागच्या गाळ्यांत दाटीवाटीनं राहायचे आणि गावची चूल मनीऑर्डरीवर पेटायची. १८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. हा संप रीतसर मागे घेतला गेलाच नाही. गिरण्या मात्र एकामागून एक थंडावल्या. ‘अंकुश’ काही संपावरचा चित्रपट नव्हे. पण त्यातली रिकाम्या हातांची, नाक्यावर दिवस काढणारी पोरं त्याच शहरातली आहेत. त्यात काम करणारे नाना पाटेकर तेव्हा हिंदीत बडे नट नव्हते, चित्रपटाचा खर्चही बेताचा होता, तरी तो चालला.

चंद्रा मुळात संकलक. गुलजारांकडे सहायक म्हणून उमेदवारी केलेला माणूस पुढे हाणामारीचे चित्रपट करतो, याचं नवल वाटतं. पण प्रसंग कुठे तोडायचा आणि राग किती वेळ दाबून धरायचा, ही जाण संकलनाच्या टेबलावरच येते. ‘अंकुश’मधली मारामारी उशिरा येते, म्हणूनच ती लागते.

पुढच्याच वर्षी ‘प्रतिघात’ आला. तेलुगू ‘प्रतिघटना’ची ही हिंदी आवृत्ती. गुंडाविरुद्ध साक्ष द्यायला उभी राहिलेली प्राध्यापिका सुजाता मेहतांनी साकारली. भर रस्त्यात विटंबना झालेली ही बाई शेवटी स्वतः कुऱ्हाड उचलते. हिंदी मारधाडपटाचा कणा एका बाईनं पेलावा, ही तेव्हा साधी गोष्ट नव्हती.

मग १९८८ चा ‘तेजाब’. लोकांच्या आठवणीत राहिली ती माधुरी दीक्षितची मोहिनी. सरोज खान यांनी बसवलेल्या तिच्या गाण्यावरच्या नृत्यामुळे फिल्मफेअरला नृत्यदिग्दर्शनाचा पुरस्कारच नव्यानं सुरू करावा लागला. पण चित्रपटाचा खरा नायक आहे महेश देशमुख, चांगल्या घरातला, नौदलाची स्वप्नं पाहणारा मराठी मुलगा. तो मुन्ना होतो आणि मुंबईतून तडीपार केला जातो. १९५१ च्या मुंबई पोलीस कायद्यानुसार अशी हद्दपारी जास्तीत जास्त दोन वर्षांची असते. कायद्यातलं एक रूक्ष कलम चंद्रांनी प्रेमकथेच्या मुळाशी ठेवलं. माझ्या मते ‘तेजाब’ची ताकद गाण्यात जेवढी, तेवढीच या कल्पनेत आहे.

‘अंकुश’च्याही आधी गोविंद निहलानींच्या ‘अर्धसत्य’नं (१९८३) हाच राग पोलिसाच्या बाजूनं दाखवला होता; श्री. दा. पानवलकरांची कथा आणि विजय तेंडुलकरांची पटकथा. पुढे महेश मांजरेकरांच्या ‘वास्तव’नं (१९९९) चाळीतल्या पोराला थेट टोळीत नेलं. या दोहोंच्या मधला दुवा चंद्रांचा.

‘नरसिंहा’ (१९९१) गाजला, उर्मिला मातोंडकरही त्यातून पुढे आली, पण त्यातला नायक आता नाक्यावरचा उरला नव्हता, खांब फोडणारा अवतार झाला होता. ‘हमला’, ‘युगांधर’, ‘तेजस्विनी’, ‘वजूद’ या नंतरच्या चित्रपटांना पहिल्या तिन्हींची सर आली नाही. २००१ मध्ये ‘स्टाइल’ या कॉलेजकुमारांच्या विनोदपटानं त्यांना पुन्हा यश दिलं, पण ते रागाच्या वाटेवर नक्कीच नाही. त्यांचं काम जोखायचं तर ‘अंकुश’, ‘प्रतिघात’ आणि ‘तेजाब’ याच क्रमानं पाहावेत. तीन वर्षांत सलग तीन असे चित्रपट देणारे दिग्दर्शक हिंदीत थोडेच झाले.