उताऱ्यावर नाव नाही, म्हणून हक्कही नाही?

आमच्या घरात कन्नड वाचता येणारी पहिली सून मी. माहेर धारवाडचे, शिक्षण कन्नडमधून. त्यामुळे वीजबिल असो की सोसायटीची नोटीस, वाचून दाखवायचे काम माझ्याकडे. २०१६ साली सासऱ्यांनी शेताचा उतारा असाच माझ्या हाती दिला. रस्त्याकडेची ती जमीन विकायचे घरात चालले होते. बैलहोंगलला दिलेल्या आत्याबाईही त्या दिवशी आल्या होत्या. नवव्या रकान्यातली नावे मी मोठ्याने वाचली : सासरे आणि चुलतसासरे. आत्याबाईंनी हातातले सूप खाली ठेवले आणि विचारले, "यव्वा, नन्न हेसर एल्लैती?" माझे नाव कुठे आहे? कुणीच बोलले नाही.

जमीन आजेसासऱ्यांनी स्वतः खरेदी केलेली, ४ एकर २० गुंठे. १९९८ साली ते मृत्युपत्र न करता वारले. दोघा भावांनी वारसाची वर्दी दिली, बहिणीचे नाव कळवलेच नाही. दिलेल्या मुलीचे नाव कशाला, असा तेव्हाचा रिवाज! पण बापाच्या स्वतःच्या कमाईच्या जमिनीत मुलीला मुलाइतकाच वाटा १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यानेच दिला आहे. आजेसासूबाईही गेल्यावर हिशेब सरळ होता, तिघांना दीड-दीड एकर.

आत्याबाईंनी नाव लावण्यासाठी अर्ज केला. चुलतसासऱ्यांनी हरकत घेतली, "वडिलांनी तोंडी वाटणी करून दिली होती." तहसीलदारांनी अर्ज फेटाळला. प्रांताधिकाऱ्यांकडचे अपीलही 'दिवाणी न्यायालयात जा' म्हणून निकाली निघाले. मला फार राग आला. एक नाव लिहायला साहेबांचे काय जाते?

वकिलांनी समजावले तेव्हा उलगडा झाला. उतारा ही मुळात शेतसाऱ्यासाठी ठेवलेली नोंद. नोंदणीकृत खरेदीपत्र, वाटणीपत्र, कोर्टाचा हुकूम किंवा वारसाची वर्दी आली की नोटीस काढायची, ठरलेली मुदत संपेपर्यंत वाट पाहायची आणि हरकत नसेल तर नोंद करायची, इथपर्यंत महसूल कचेरीचे काम. खरा मालक कोण, मृत्युपत्र खरे की खोटे, तोंडी वाटणी झाली की नाही, हे साक्षीपुराव्याने दिवाणी न्यायालयच ठरवते. कर्नाटक उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २००२ साली हेच सांगितले. फेरफाराच्या नोंदीने मालकी मिळत नाही, असे सर्वोच्च न्यायालयानेही २०२१ साली पुन्हा स्पष्ट केले.

याच नियमाची दुसरी बाजू आत्याबाईंच्या कामी आली. कर्नाटक भूमहसूल कायदा, १९६४ च्या कलम १३३ प्रमाणे उताऱ्यावरची नोंद खरी मानली जाते, पण उलट सिद्ध होईपर्यंतच. म्हणजे नाव नसल्याने त्यांचा हक्क गेला नव्हता, आणि नाव असल्याने भाऊच तेवढे मालक झाले नव्हते.

२०१८ साली वाटणीचा दावा लागला. जमिनीची विक्री थांबली. चार वर्षे आत्याबाई भाऊबीजेला आल्या नाहीत. त्या काळात सासरे ओवाळून घेण्यासाठी कुणापुढे पाटावर बसले नाहीत. अखेर कोर्टात त्यांनीच सांगितले, "तोंडी वाटणी झाली नव्हती. बहिणीचा वाटा आहे." मग चुलतसासरेही नरमले आणि २०२२ मध्ये तडजोडीचा हुकूम झाला. त्या हुकुमावर वर्दी दिली, तेव्हा त्याच कचेरीने विनातक्रार नाव लावले.

नवा उतारा घेऊन आम्ही बैलहोंगलला गेलो. आत्याबाईंनी तो माझ्याकडून दोनदा वाचून घेतला. त्या वर्षी भाऊबीजेला त्या आल्या. धाकट्या भावाशी बोलणे मात्र अजून तुटकच आहे.

वाचकहो, घरचा उतारा आजच काढा. वडीलधारी माणसे हयात आहेत तोवर नवव्या रकान्यात कुणाची नावे आहेत आणि कुणाची राहिली आहेत, ते सर्वांसमक्ष वाचा. कन्नड येत नसेल तर सुनेला वाचायला सांगा!